आपल्या दारचा डोंगर

(मंडळाच्या वर्धापनदिनाच्या समारंभात दिलेले व्याख्यान)



वर्धापनदिनाचा क्रम आपल्याकडे ठरलेला असतो. आधी अहवाल, मग बक्षिसे, मग व्याख्यान आणि शेवटी अल्पोपाहार. व्याख्यान नेमके बटाटेवड्यांच्या आधी ठेवण्यात आपल्या चिटणीसबाईंचा धूर्तपणा आहे. वास येऊ लागला म्हणजे वक्तीने काय ते ओळखावे. त्यातून हे कर्जत. येथे वड्याशी स्पर्धा करून कोणी वक्ता जिंकल्याचे मी ऐकलेले नाही. तेव्हा मी शक्य तितके आटोपशीर बोलेन.

मला विषय विचारला गेला तेव्हा मी ‘डोंगर’ एवढेच सांगितले. त्यावर प्रश्न आला, “कुठला डोंगर?” मी म्हटले, “तुम्ही ज्याच्याकडे पाठ करून गच्चीवर पापड वाळत घालता, तो.” आपण सगळ्याजणी त्याच्या पायथ्याशी राहतो. पाहुणे आले की त्यांना तो बोटाने दाखवतो. पण त्याच्याविषयी चार गोष्टी सांगा म्हटले तर गप्प बसतो. मीही त्यांतलीच. फरक इतकाच, की मी तीस वर्षे शाळेत भूगोल शिकविला आणि तरीही गप्प बसले. ते कसे, ते आधी सांगते.

आमच्या दारावर पावसाळ्याच्या तोंडाशी एक ठाकूरवाडीची बाई शेवळे घेऊन येते. सोबत काकडे असतात. आपल्यापैकी जुन्या सुगरणींना सांगावयास नको, की काकडे घातल्यावाचून शेवळांची खाज जात नाही. २०२४ च्या जून महिन्यात ती अशीच आली. मी जुड्यांचा भाव करीत होते. एकाएकी ती म्हणाली, “बाई, तुम्ही पोरांना डोंगर शिकवीत होता ना? मग सांगा, आमच्यावरचा डोंगर कवा खाली येईल?”

तिने हा प्रश्न थट्टेने विचारला नव्हता. आदल्या वर्षी इर्शाळवाडी गेली होती. मी म्हटले, “अगं, ते सरकारने बघायला हवे.” तिने मान हलविली, जुड्या मोजून दिल्या आणि ती गेली. मी पाच रुपये कमी दिले होते, तेही तिने घेतले. त्या रात्री भाजी चांगली झाली होती, पण मला ती गोड लागली नाही. तीस वर्षे फळ्यावर उल्हास आणि पाताळगंगा काढणाऱ्या बाईला एक सरळ प्रश्न विचारला गेला आणि तिला उत्तर देता आले नाही. आजचे हे बोलणे म्हणजे त्या उत्तराचा उशिरा केलेला अभ्यास आहे.

प्रथम आपण कोठे उभ्या आहोत ते पाहू. कर्जतला उल्हास नदीच्या पुलावर उभे राहा आणि पाणी वाहते तिकडे तोंड करा. आपले तोंड उत्तरेला होईल. उजव्या हाताला मुख्य सह्याद्रीची भिंत आहे: पाठीशी राजमाची, मग ढाक, कोथळीगड, पदरगड आणि पुढे भीमाशंकर. डाव्या हाताला दुसरी, बुटकी रांग. तिच्यात उत्तरेकडे मलंगगड, चंदेरी, पेब, मधोमध माथेरान, मग प्रबळ आणि नेढे असलेला इर्शाळ, आणि आणखी दक्षिणेस कर्नाळ्याचा अंगठा व माणिकगड. माथेरानचे पठार समुद्रसपाटीपासून सुमारे ८०० मीटर आहे. सह्याद्रीच्या मोठ्या शिखरांपुढे ही उंची काहीच नाही. मोठ्या जावेच्या शेजारी धाकटी उभी राहावी तशी ही रांग उभी आहे.

या दोन रांगांच्या मधल्या अंगणात आपले दोन तालुके आहेत. अंगणाला उतारही दोन आहेत. कर्जतकडचा पाऊस उल्हासात जातो. ती नेरळ, बदलापूर, कल्याणवरून वसईच्या खाडीला मिळते. खोपोली-खालापूरकडचा पाऊस पाताळगंगेत जातो आणि धरमतरच्या खाडीत उतरतो. रांगेच्या पश्चिमेचे पाणी गाढी नदीने पनवेलच्या खाडीला जाते. माथेरानच्या माथ्यावर पडलेल्या तीन सरींची अशी तीन दिशांना पाठवणी होते.

कागदोपत्रीही आपण अशाच दोन घरच्या. कर्जत तालुका पूर्वी ठाणे जिल्ह्यात होता, १८९१ साली तो कुलाब्यात आला, आणि १९८१ मध्ये कुलाब्याचे नाव रायगड झाले. नावे बदलली, डोंगर जागेवर राहिला.

आता हा डोंगर झाला कसा? सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी येथे जमिनीच्या भेगांतून तप्त रस बाहेर आला. एकदा नव्हे, पुन्हा पुन्हा. एक थर निवावा, त्यावर दुसरा पसरावा. तव्यावरून धिरडी काढून आपण एकावर एक रचतो ना, तसे. आणि धिरड्याला वरून जशी जाळी पडते, तशीच या रसाच्या वरच्या अंगाला वायूचे बुडबुडे सुटून जाळी पडली. खालचे अंग मात्र घट्ट, काळे, अभंग राहिले. पुढे त्या जाळीच्या भोकांत पांढरे-गुलाबी खडे तयार झाले. नदीकाठी मुले गोळा करतात ते हेच.

ही धिरड्याची गोष्ट नीट ध्यानात ठेवा, कारण डोंगराचे सगळे रूप तिच्यात आहे. घट्ट भाग झिजत नाही, तो सरळ कडा होऊन उभा राहतो. जाळीदार भाग कुजतो, त्याचा मुरूम होतो, माती होते, आणि तेथे उताराची हिरवी पायरी तयार होते. म्हणून पावसाळ्यात माथेरानकडे पाहिले की काळा पट्टा, हिरवा पट्टा, पुन्हा काळा पट्टा असे दिसते. भूगर्भशास्त्रज्ञ म्हणतात, की सह्याद्रीची कड फार पूर्वी आणखी पश्चिमेला होती. नद्यांनी ती कुरतडत कुरतडत पूर्वेला ढकलली. मागे जे तुकडे टिकले त्यांत आपली ही रांग आहे. माथेरानच्या माथ्यावरची जांभी, लाल माती घरी परतताना आपल्या पातळांवर बसते, तीही याच दगडाची असंख्य पावसाळ्यांनी केलेली दशा आहे.

आता पाण्याचे पाहा. माथ्यावरचे पाणी भेगांतून खाली मुरते. दोन थरांच्या मध्ये कोठे कोठे चिकट लाल मातीचा पट्टा असतो. त्याच्यातून पाणी पलीकडे जात नाही, ते आडवे चालते आणि कड्याच्या पायथ्याशी झरा होऊन बाहेर येते. झरा आहे, थोडी सपाटी आहे, माती आहे. म्हणून माणूस तेथे वस्ती करतो. आपल्या रांगेवरच्या ठाकरांच्या आणि कातकऱ्यांच्या किती वाड्या अशा कड्याखालच्या पायरीवर आहेत ते आता मोजून पाहा. नाचणी, वरई तेथेच पिकते. ज्या गोष्टीने त्यांना पाणी दिले, तीच गोष्ट त्यांच्या डोक्यावर उभी आहे, हे मला उत्तर शोधताना प्रथमच उमगले.

माथेरानचा पाऊस दोनशे इंचांच्या घरातला आहे. मातीचा आणि मुरमाचा थर पाण्याने भरला, की त्याचे वजन वाढते आणि दगडावरची त्याची पकड सुटते. भिजत घातलेल्या डाळीचे साल बोटाने निघते, तसेच. झाडांची मुळे त्या थराला शिवून धरतात. ती नसली किंवा पायथा कोणी कापला असला, तर काम आणखी सोपे होते.

१९ जुलै २०२३ च्या रात्री इर्शाळगडाच्या पोटाशी असलेल्या इर्शाळवाडीवर असा थर खाली आला. तीन दिवसांत ४९९ मिलिमीटर पाऊस झाला होता, म्हणजे जवळजवळ वीस इंच. वाडीत चाळीसच्या वर घरे आणि सव्वादोनशेच्या आसपास माणसे. वर जावयास रस्ता नव्हता, पायवाट होती. चिखलातून तासाभराची चढण. यंत्रे नेता आली नाहीत. शेकडो लोकांनी हातांनी, कुदळी-फावड्यांनी माती उपसली. मदतीला निघालेले नवी मुंबईच्या अग्निशमन दलाचे एक अधिकारी चढणीवरच हृदयविकाराने गेले. चार दिवसांनी शोध थांबविला तेव्हा २७ देह सापडले होते आणि ५७ माणसे सापडली नव्हती. त्या जागेलाच त्यांची समाधी मानावे लागले. वाचलेल्यांसाठी पुढे चौकजवळ घरे बांधण्यात आली.

यातली एक गोष्ट मला सर्वांत जास्त बोचते. दरडीचा धोका असलेल्या गावांची जी यादी होती, तिच्यात इर्शाळवाडीचे नाव नव्हते. याद्या करणाऱ्यांना मी दोष देत नाही. डोंगर मोठा आहे आणि यादी करणारे हात थोडे आहेत. पण माळीण, ३० जुलै २०१४. तळिये, जुलै २०२१. इर्शाळवाडी, जुलै २०२३. माळीण तर भीमाशंकरच्या पलीकडच्या उतारावरचे गाव. हे सारे आपल्या शेजारघरी घडले. दरवेळी आपण मंडळातर्फे चादरी आणि भांडी गोळा केली. ते योग्यच केले. पण चादरी मातीखालच्या माणसाच्या उपयोगी पडत नाहीत.

आता आपल्या डोंगराच्या दुसऱ्या बाजूकडे वळते. ती आनंदाची आहे, आणि पहिलीशी जोडलेलीही आहे.

माथेरानचा ‘शोध’ ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट यांनी मे १८५० मध्ये लावला असे पुस्तकांत असते. चौकला मुक्काम असताना ते वर चढले. ज्यांच्या पायवाटेने ते चढले, त्यांना तो डोंगर आधीच सापडलेला होता, हे मात्र मुलांना सांगावयाचे राहून जाते. २२ मार्च १९०७ रोजी नेरळहून छोटी गाडी वर गेली. अब्दुल हुसेन आदमजी पीरभॉय यांनी ती बांधली. दोन फूट रुंदीच्या रुळांवरून ती अजून वळणे घेत जाते. २००५ च्या जुलैत पावसाने तो मार्ग वाहून नेला होता, तो पुन्हा उभा केला गेला.

मोटारी वर येऊ द्यावयाच्या नाहीत ही माथेरानची जुनी रीत. ४ फेब्रुवारी २००३ रोजी केंद्र सरकारने माथेरान व त्याभोवतीचा २१४.७३ चौरस किलोमीटरचा प्रदेश पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील म्हणून जाहीर केला. खाणी, झाडतोड, उतार कापणे, बांधकाम यांवर त्यामुळे बंधने आली. याच रांगेच्या दक्षिण टोकाला कर्नाळ्याचे पक्षी अभयारण्य १९६८ पासून आहे, आणि सह्याद्रीच्या बाजूला भीमाशंकरचे अभयारण्य १९८५ पासून. त्याचा काही भाग आपल्या कर्जत तालुक्यात येतो. म्हणजे आपले अंगण दोन्ही बाजूंनी राखलेल्या रानाने वेढलेले आहे. पहाटे कर्नाळ्याला गेलात तर शीळकरी कस्तूर माणसासारखी शीळ घालताना ऐकाल. स्वर्गीय नर्तक, भृंगराज, हळद्या दिसतील. माथेरानच्या जांभळी-हिरड्यांत शेकरू उड्या मारताना दिसेल. आणि सात-आठ वर्षांनी एकदा कारवी फुलते तेव्हा उतारच्या उतार निळे-जांभळे होतात. तीच कारवी वाळल्यावर वाडीतल्या घराच्या कुडाला लागते. तिचीच मुळे जिवंत असताना उतार धरून ठेवतात.

मी हे सगळे रम्य म्हणून सांगत नाही. राखलेले रान म्हणजे शहरातून आलेल्यांची हौस, आणि तेथे राहणाऱ्यांना त्रास, असे आपल्यापैकी काहीजणी म्हणतात. त्यांचे म्हणणे खोटे नाही. माथेरानच्या बाईला गॅसचा सिलिंडरसुद्धा घोड्यावरून किंवा हातगाडीवरून येतो. आजाऱ्याला खाली नेताना घरच्यांचा जीव टांगणीला लागतो. माणसाने माणूस ओढावा ही हातरिक्षा शतकभर तेथे चालली. विजेच्या रिक्षांचा प्रयोग २०२२ च्या अखेरीस सुरू झाला, आणि ऑगस्ट २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हातरिक्षा सहा महिन्यांत बंद करावयास सांगितले. रान राखावयाचे तर तेथल्या माणसालाही राखले पाहिजे. डोंगर मोकळा ठेवण्याची सगळी किंमत त्याच्यावर राहणाऱ्यांनी मोजावयाची आणि फायदा पायथ्याने घ्यावयाचा, हा हिशेब मला पटत नाही.

फायदा किती, तेही पाहा. इर्शाळ आणि माथेरानच्या कुशीतले पाणी धावरी नदीवरच्या मोरबे धरणात साठते आणि नवी मुंबईच्या नळांना जाते. सह्याद्रीवरच्या तलावांचे पाणी १९१५ पासून खोपोलीच्या आणि १९२२ पासून भिवपुरीच्या वीजघरातून खाली उतरते. वीज मुंबईला जाते; पण सुटलेले पाणी पाताळगंगेला उन्हाळ्यात वाहते ठेवते, आणि राजनाल्याने कर्जतच्या शेतांत उन्हाळी भात पिकविते. आपल्या भात संशोधन केंद्राच्या ‘कर्जत १८४’ सारख्या जाती महाराष्ट्रभर माहीत आहेत. आपल्या ताटातला भात सुद्धा डोंगराकडून आलेला आहे. एवढे पाणी आपल्या डोळ्यांदेखत खाली उतरते, आणि चैत्र-वैशाखात वरच्या वाडीतली बाई हंडा घेऊन आटलेल्या झऱ्यापाशी वाट पाहते.

याच मातीत १ डिसेंबर १९१२ रोजी माथेरानला भाई कोतवाल जन्मले. स्वातंत्र्याच्या लढ्यात ते २ जानेवारी १९४३ रोजी सिद्धगडावर पडले, हे आपण जाणतो. पण त्याआधी त्यांनी शेतकऱ्यांच्या मुलांसाठी शाळा काढल्या आणि धान्यकोठ्या उभारल्या होत्या. डोंगरावरचा माणूस आणि पायथ्याचा माणूस यांचा हिशेब एकत्र मांडावा, हे त्यांना वकील असूनही, किंवा वकील असल्यामुळे, लवकर कळले होते.

आता थोडी घरची गोष्ट सांगते. आमच्या नात्यातल्या एकाने डोंगराच्या उताराला ‘सेकंड होम’ घेतले. मीही पाहावयास गेले आणि कबूल करते, की गॅलरीतून दिसणारा धबधबा पाहून मलाही मोह पडला. घरासाठी उतार कापून सपाटी केली होती, मागे दगडी भिंत उभारली होती. पहिल्याच पावसाळ्यात भिंतीला पोट आले आणि दुसऱ्या पावसाळ्यात ती स्वयंपाकघराच्या दारापर्यंत सरकली. माणसे त्या दिवशी तेथे नव्हती म्हणून निभावले. बांधणाऱ्याने पाऊस जास्त झाला म्हणून सांगितले. पाऊस नेहमीचाच होता; डोंगराचा पाय कापलेला होता. ‘दुरून डोंगर साजरे’ ही म्हण आपण निंदेने वापरतो. घरे बांधणाऱ्यांनी ती सल्ला म्हणून वापरावी असे मला वाटते.

मग त्या शेवळेवाल्या बाईला मी काय उत्तर दिले? डोंगर कधी खाली येईल ते तारीखवार कोणी सांगू शकत नाही. पण तो येण्याआधी पुष्कळदा खुणा देतो. वरच्या जमिनीला नवी भेग पडते. झाडे, खांब कलतात. झऱ्याचे पाणी एकाएकी गढूळ होते, किंवा बंद होते, किंवा जेथे कधी नव्हता तेथे नवा झरा फुटतो. घराच्या भिंतीला तडा जातो, दार चौकटीत अडकू लागते. दगड गडगडल्याचा आवाज येतो. यांतले काही दिसले आणि पाऊस दोन-तीन दिवस थांबलेला नसला, तर भांडीकुंडी सोडून, गुरांचे दावे कापून, कड्याखालून बाजूला निघावे. ओढ्याच्या वाटेने जाऊ नये. रात्र होण्याआधी निघावे.

२०२५ च्या मे महिन्यात ती आली तेव्हा मी तिला बसविले, चहा दिला आणि हे सांगितले. तिने सगळे ऐकून घेतले व म्हणाली, “हे आमच्या म्हाताऱ्यांनाबी ठावं हाय. पण रातच्याला पोरंबाळं घिऊन जायचं कुठं?” भगिनींनो, माझ्या अभ्यासाचे उत्तर होते, तिच्या प्रश्नाचे अजून राहिलेच होते. ते मात्र पुस्तकात नव्हते. ते आपल्या हातांत होते.

म्हणून आज मी मंडळापुढे तीन मागण्या ठेवते. पहिली, आपण पाऊस मोजावा. सरळ बाजूची एक बरणी, एक पट्टी आणि एक वही पुरे. रोज सकाळी आठाच्या सुमारास आकडा लिहावा, आणि दोन दिवसांचा पाऊस भरमसाट झाला की वाडीत फोन करावा. दूध तापवायला ठेवून आपण रोज तेवढा वेळ उभ्या राहतोच. दुसरी, आपल्या मंडळाचे हे सभागृह अशा रात्री वाडीतल्या बायामुलांसाठी उघडे असावे. किल्ली कोणाकडे, चुलीचे सामान कोठे, हे पावसाळ्याआधी ठरवून फळ्यावर लिहावे. तिसरी, ज्यांना शक्य आहे त्यांनी वर्षातून एकदा वाडीवर चढून जावे. कपडे वाटायला नव्हे, पाहुण्या म्हणून. वाट माहीत असली म्हणजे अडचणीच्या वेळी पाय अडत नाहीत.

आणि जाताना चिवड्याच्या पिशव्या, पाण्याच्या बाटल्या डोंगरावर टाकून येऊ नये, हे सांगण्याची पाळी या सभागृहात येऊ नये. पण मागच्या सहलीचे फोटो मी पाहिले आहेत, म्हणून सांगितले.

पनवेल-कर्जत उपनगरी मार्गासाठी वावर्ले येथे या रांगेच्या पोटातून २,६२५ मीटरचा बोगदा काढण्यात आला आहे. उद्या मुंबई आणखी जवळ येईल, घरे वाढतील, आपली मुले येथेच नोकऱ्या करतील, हे चांगलेच आहे. मात्र डोंगर त्या घाईत सामील होणार नाही. तो त्याच्या चालीने झिजेल, पाणी देईल आणि कधी कधी सरकेल. त्याची चाल ओळखून आपण राहावे, एवढेच माणसाच्या हातात आहे.

ती बाई यंदाही पावसाच्या तोंडाशी शेवळे घेऊन येईल. सभागृहाची किल्ली कोणाकडे असते, हे मला तेव्हा तिला सांगता यावे, एवढी माझी इच्छा आहे. भाव मी करणार नाही, आणि आपणही करू नये.

वड्यांचा वास आला आहे.